फ्रेमबाहेरचं बोट

डाव्या हाताची करंगळी होती. रबरी हातमोज्यातली. ती डॉक्टरांच्या उजव्या मनगटाखाली, हाडाचा उंचवटा संपतो तिथे टेकली होती. दाबलेली नव्हती, नुसती टेकलेली. मनगट पुढे सरकलं की तेवढीच पुढे सरकायची, मनगट थांबलं की थांबायची. त्याच हाताची बाकीची बोटं कापसाचा बोळा धरून वेगळंच काम करत होती, त्यामुळे करंगळीकडे कुणाचं लक्ष जाण्यासारखं नव्हतं. माझं गेलं ते व्ह्यूफाइंडरमुळे. तेव्हाच्या व्हिडिओ कॅमेऱ्यांच्या व्ह्यूफाइंडरमध्ये चित्र काळंपांढरं दिसायचं आणि त्या करड्या चित्रात ती करंगळी सगळ्यात पांढरी होती.

मला वाटलं, ही पद्धतच असेल. डोळ्याची शस्त्रक्रिया मी त्याआधी कधी पाहिलेली नव्हती.

सत्याऐंशी सालची दिवाळीची सुट्टी. जतमधल्या एका शाळेत नेत्रशिबिर भरलं होतं. पाचवीच्या वर्गातले बाक बाहेर काढून, भिंतींना चुना लावून, खिडक्यांना धुतलेल्या चादरी बांधून तिथे शस्त्रक्रियेची खोली केली होती. फळ्यावर कुणीतरी सुट्टीआधीच्या दिवसाचा सुविचार तसाच ठेवला होता. मी भौतिकशास्त्रात एम.एस्सी. करून, प्रकाशाच्या प्रयोगशाळेत दोन वर्षं काढून, मग कॅमेऱ्याचं शिक्षण घेतलं होतं. तोपर्यंत मी दुसऱ्यांच्या कॅमेऱ्यांचा फोकस सांभाळत होते. कॅमेरा माझ्या एकटीच्या हाती आला तो याच कामात. दिग्दर्शक प्रभाकर ओगले यांनी मला घेतलं, कारण त्यांच्या नेहमीच्या कॅमेरामनला रक्त पाहिलं की घेरी यायची.

माहितीपट डॉक्टर भास्कर नाडगीरांवर होता. त्यांचं रुग्णालय सांगलीत, पण वर्षातले कितीतरी आठवडे ते पूर्वेकडच्या कोरड्या तालुक्यांत शिबिरं घ्यायचे. पासष्टी ओलांडलेले, उंच, किंचित वाकलेले. ते रुग्णाच्या डोक्याशी एका लाकडी स्टुलावर बसून काम करायचे. ते स्टूल त्यांचं स्वतःचं होतं. बैठक गोल फिरवली की वरखाली होणारं. शिबिराची जीप भरताना ते सगळ्यात आधी चढायचं आणि त्याची उंची कुणी बदलायची नाही असा नियम होता. त्यांच्या उजव्या हाताला, साध्या बुटक्या स्टुलावर, त्यांच्या सहायक डॉ. कुमुद हिरवे बसायच्या. ती करंगळी त्यांची होती.

त्या काळी मोतीबिंदू अख्खा काढत. डोळ्याच्या कडेला छेद द्यायचा, पुढचा पारदर्शक पडदा अलगद उचलायचा आणि गार केलेल्या एका दांडीचं टोक आतल्या गढूळ भिंगाला टेकवायचं. टेकल्या जागी बर्फ धरतो, भिंग टोकाला चिकटतं आणि दांडीबरोबर बाहेर येतं. टोक चुकून शेजारी टेकलं तर शेजारीही बर्फ धरतो. एवढंच लक्षात ठेवायचं, असं कुमुदताईंनी मला सकाळी समजावून सांगितलं होतं.

पहिल्या दिवशी चौथ्या रुग्णाच्या वेळी ओगल्यांनी माझ्या कानाशी येऊन सांगितलं, "टाइट जा, रेवती. फक्त डोळा."

मी जवळ गेले. डॉक्टरांचं मनगट फ्रेमबाहेर गेलं, करंगळीही गेली. फ्रेममध्ये उरला एक म्हातारा डोळा, भोवती हिरव्या कापडाच्या भोकाची कड आणि वरून आत आलेलं दांडीचं टोक. पडदा उचलायला कुमुदताईंना दोन्ही हात लागतात, हे मला माहीत नव्हतं. मला एवढंच दिसलं की टोक एकदम हलायला लागलं. लहान, एकसारखी हालचाल, सेकंदात पाचसहा वेळा. ते भिंगाकडे गेलं, घसरलं आणि बुबुळाच्या कडेला टेकलं. तिथे पांढरा ठिपका उमटला.

"सर, पाणी घालते," कुमुदताई म्हणाल्या. भाजीत मीठ घालते म्हणावं, तशा आवाजात.

पाण्याची धार पडली, ठिपका विरघळला, टोक सुटलं. दुसऱ्या वेळी ते बरोबर जागी बसलं आणि भिंग बाहेर आलं.

"आलं बरं का आजोबा बाहेर," डॉक्टर म्हणाले. "उद्या पट्टी सोडली की सुनेचं तोंड बघायचं."

"त्ये पाठ हाय," आजोबा कापडाखालून म्हणाले. सिस्टर हसल्या.

मी आधी माझा स्टँड तपासला. पायांवर वाळूच्या पिशव्या होत्या, स्क्रू घट्ट होते.

*

दुपारी व्हरांड्यात दुसऱ्या दिवशीचे रुग्ण ओळीने बसले होते. ओगल्यांनी त्यातली एक बाई आधीच हेरली होती. हौसाक्का. सत्तरीच्या आसपासची, काळीसावळी, कपाळावर रुपयाएवढं कुंकू. डावा डोळा लहानपणी देवीच्या साथीत गेलेला, त्या जागी नुसती खाच. उजव्या डोळ्यातला मोतीबिंदू दुधासारखा पांढरा.

"चेहरा आहे," ओगले मला म्हणाले. "उद्या हिलाच घ्यायची. पहिली."

उद्याचं महत्त्व वेगळं होतं. रुग्णालयाच्या ट्रस्टचे लोक, शहरातले डॉक्टर, तालुक्याची मंडळी, सगळे डॉक्टरांच्या सत्कारासाठी येणार होते. शेजारच्या सहावीच्या वर्गात रंगीत टीव्ही ठेवला होता. माझ्या कॅमेऱ्याची केबल भिंतीतल्या भोकातून तिकडे नेलेली होती. पाहुण्यांनी शस्त्रक्रिया होत असतानाच पाहावी ही कल्पना ओगल्यांची, आणि ट्रस्टला ती फार आवडली होती.

डॉक्टर कुमुदताईंबरोबर रुग्ण तपासत आले. मी कॅमेरा खांद्यावर घेतला.

"हौसाक्का, उद्या पहिला नंबर तुमचा."

"आवाज वळकला," हौसाक्का म्हणाली. "मागल्या सालीबी आसंच म्हनला हुता."

"मागल्या साली मोतीबिंदू कच्चा होता."

"आता पिकला न्हवं? का आजून आढीत घालून बसू?"

डॉक्टर हसले. हौसाक्काची सून मागे उभी होती. ती म्हणाली, "तेवढं लवकर करा डॉक्टर. परवा शेळी समजून माझ्या पाठीत काठी घातली."

"समजून न्हाई," हौसाक्का म्हणाली. "बगून घातली."

व्हरांडा हसला. हौसाक्कानं हसणं संपू दिलं आणि मग हात पुढे करून डॉक्टरांच्या कोटाची बाही पकडली. डॉक्टरांचा उजवा हात खिशात होता. काम नसलं की तो खिशातच असायचा, हे मी सकाळपासून पाहत होते.

"येकच हाय डाक्टर," ती म्हणाली. "ह्यो गेला तर मग मी हाय आन भिंत हाय. म्हनून मागल्या सालीच सांगितलं हुतं, तुमच्याच हातानं. दुसऱ्या कुनाला मी डोळ्याला हात लावू देनार न्हाई. तुमच्यासंगं ती बाई हाय, ती ग्वाड बोलती, पर हात तुमचाच पायजे."

"मी इथंच उभी आहे, आक्का," कुमुदताई म्हणाल्या.

"मग आयिक की. आजून ल्हान हाईस तू."

"बेचाळीस वर्षांची आहे."

"त्येच म्हनते मी."

"मीच करणार," डॉक्टर म्हणाले. "शब्द दिलाय ना."

हौसाक्कानं बाही सोडली. डॉक्टर पुढच्या रुग्णाकडे वळले. हात खिशातच होता.

*

जेवणानंतर मी सहावीच्या वर्गात टीव्हीवर सकाळची टेप तपासत बसले. ओगले शेंगा फोडत शेजारी येऊन बसले. मोठ्या पडद्यावर डोळा परातीएवढा दिसत होता. टोक हलायला लागलं तसे ते शेंग फोडायचे थांबले.

"हे काय?"

"टोक हलतंय."

"स्टँड?"

"नाही."

"परत लाव."

मी परत लावली. पांढरा ठिपका उमटला, पाणी पडलं, ठिपका गेला.

"आपण काय बनवतोय, रेवती?" ओगल्यांनी विचारलं.

"माहितीपट."

"सत्काराचा माहितीपट. हे संकलनात काढून टाकता येईल, त्याचं काही नाही. उद्याचं मात्र काढता येणार नाही. उद्या टीव्ही चालू असणार." त्यांनी टरफलं कागदात गोळा केली. "उद्या लांबून घे. हात, तोंडावर पट्ट्या बांधलेली माणसं, दिवा. लोकांना तेच आवडतं."

दारात कुमुदताई उभ्या होत्या. त्या कधी आल्या ते आम्हाला कळलं नव्हतं. ओगल्यांना एकदम चहाची आठवण झाली आणि ते बाहेर गेले.

कुमुदताई बाकावर बसल्या. बाक मुलांचे होते, तरी त्यांना ते फारसे लहान होत नव्हते. फार बुटक्या होत्या त्या. पडद्यावर चित्र थांबलेलं होतं. त्या थोडा वेळ त्याकडे पाहत राहिल्या.

"एवढं मोठं दिसतं होय," त्या म्हणाल्या.

"जवळून घेतलं की दिसतं."

"उद्या जरा लांबून घ्याल?"

"ओगल्यांनीही तेच सांगितलंय. पण त्याची एक अडचण आहे." मी टेप मागे नेऊन लांबचा शॉट लावला. "लांबून घेतलं की टोकाची हालचाल दिसत नाही. पण मग हे दिसतं." मी पडद्यावरच्या मनगटाखाली पेन्सिल टेकवली. "जवळून घेतलं की हे बोट दिसत नाही, पण हालचाल दिसते."

कुमुदताईंनी पेन्सिलीच्या टोकाकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "मधलं काही नाही?"

"मधून घेतलं तर दोन्ही थोडं थोडं दिसतं."

त्या हसल्या. दिवसभरात पहिल्यांदाच. "तुम्ही फिजिक्सच्या ना?"

"हो."

"तरीच."

बाहेर जनरेटर सुरू झाला आणि टीव्हीवर एक आडवी रेघ वर सरकत गेली.

"कधीपासून आहे हे?" मी विचारलं.

"दोन पावसाळे झाले."

"त्यांना माहीत आहे?"

"हात कापतो हे माहीत आहे. स्वतःचा हात आहे, कसं कळणार नाही? बोटाचं माहीत नाही. मी कापूस धरायच्या निमित्तानं ठेवते." त्यांनी आपली करंगळी बाकाच्या कडेवर टेकवून दाखवली. "बोलले मी एकदा. म्हणाले, हा हंगाम होऊ दे, मग ठरवू. मग पुढचा हंगाम आला. तेव्हाही म्हणाले, पुढच्या खेपेला ठरवू. आता सत्कार आहे. सत्काराच्या तोंडावर कसं बोलायचं?"

"आणि पडदा उचलताना?"

"तेव्हा बोट काढावं लागतं. दोन्ही हात लागतात. तेवढेच क्षण." त्यांनी करंगळी बाकावरून उचलली. "अजून एकही डोळा गेलेला नाही. तुम्हाला म्हणून सांगते."

"उद्या हौसाक्का आहेत."

"माहीत आहे मला."

"त्यांना दुसरा—"

"माहीत आहे म्हटलं ना." त्या उठल्या. दारापर्यंत जाऊन परत वळल्या. "सुरी कशी धरायची हे त्यांनी मला शिकवलं. हात धरून. पहिले सहा महिने माझा हात कापायचा, तेव्हा त्यांची दोन बोटं माझ्या मनगटाखाली असायची. त्याच माणसाला मी आता काय सांगू?"

त्या गेल्या. मी टेप यंत्रातच सुरुवातीपर्यंत मागे नेली, रिकाम्या डब्यावर तारीख घातली.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी आठाच्या सुमारास डॉक्टर स्वतःच सहावीच्या वर्गात आले. डाव्या हातात चहाचा कप, उजवा खिशात. मागे कुमुदताई. शाळेच्या मैदानात मांडवाला झेंडूच्या माळा लावण्याचं काम चाललं होतं.

"ओगले, लोकांना काय दिसणार ते मला आधी बघू द्या."

"हो, हो, बसा ना," ओगले म्हणाले. "रेवती, ती कालची रुग्णांची रांग लाव. फार सुंदर आलीय, डॉक्टर. म्हाताऱ्यांचे चेहरे, सकाळचं ऊन—"

"रांग मी रोज बघतो. ऑपरेशन लावा."

मी ओगल्यांकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली, पण ती हो होती की नाही हे मला कळलं नाही. यंत्रात आदल्या दिवशीची टेप होती. मी ती लावली.

पहिले तीन रुग्ण लांबून घेतलेले होते. डॉक्टर चहाचे घोट घेत पाहत होते. चौथा आला. चित्र जवळ गेलं, टोक फ्रेममध्ये आलं आणि हलायला लागलं. ठिपका. पाणी. टोक सुटलं. डॉक्टरांनी कप बाकावर ठेवला.

"स्टँडचा घोळ आहे तो," ओगले घाईनं म्हणाले. "पाय सैल होता. रेवतीचं हे पहिलंच स्वतंत्र काम, डॉक्टर. सांभाळून घ्या. आज मी स्वतः बघतो."

"आणि जनरेटर भिंतीला लागूनच आहे सर," कुमुदताई म्हणाल्या. "फरशी थरथरते. मलाही पायाला जाणवतं."

डॉक्टर माझ्याकडे वळले.

"कॅमेरा हलला का?"

हो म्हटलं असतं तर ते सगळ्यांना सोयीचं होतं. कॅमेरा नीट न बांधणारी मुलगी म्हणून ओगल्यांनी मला पुढचं काम दिलं नसतं, यापलीकडे त्यातून काही झालं नसतं. नाही म्हटलं तरी ते देणार नव्हतेच, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. मांडवातून कुणीतरी माइक तपासत होतं. व्हरांड्यात हौसाक्का सुनेला काहीतरी सुनावत होती, तिचा आवाज येत होता.

"नाही," मी म्हटलं.

"कशावरून?"

ते रागावलेले नव्हते. तोंडी परीक्षेत विचारावं तसं त्यांनी विचारलं.

मी चित्र मागे नेऊन थांबवलं. "ही हिरव्या कापडाच्या भोकाची कड. इथं एक धागा सुटलाय, बघा. कॅमेरा हलला असता किंवा फरशी हलली असती, तर टोकाबरोबर हा धागाही हलला असता." मी चित्र हळू चालवलं. "टोक हलतंय. धागा जिथल्या तिथं आहे."

"परत लावा."

मी परत लावलं. या वेळी ते फक्त धाग्याकडे पाहत होते.

"आता याच्या आधीचं. लांबचं."

मी लांबचं लावलं. डॉक्टर उठून पडद्याजवळ गेले आणि मनगटाखालच्या करंगळीवर त्यांनी बोट ठेवलं. उजव्या हाताचं. ते काचेवर किंचित टकटकलं.

"हे बोट," ते म्हणाले.

कुमुदताई फळ्याकडे पाहत होत्या.

"पहिल्या दिवसापासून कळतंय मला, कुमुद."

"सर—"

"तुला वाटत होतं मला कळत नाही. मी म्हटलं, वाटू दे."

 टीव्हीवर आपोआप पुढचा शॉट आला, मधल्या वेळात घेतलेली रुग्णांची रांग आणि सकाळचं ऊन. खरंच चांगलं आलं होतं ते.

"आज लांबूनच घेऊ, डॉक्टर," ओगले हलक्या आवाजात म्हणाले. "मी तसं ठरवलंच होतं."

"डोळ्याचं ऑपरेशन लांबून काय बघायचं, ओगले?" डॉक्टरांनी कप उचलला. डाव्या हातानं. "जवळून घ्या. तो धागा दिसला पाहिजे इतकं जवळून. आणि कुमुद, हौसाक्काला आत घ्यायला सांग."

ते गेले. मांडवातल्या लोकांनी त्यांना नमस्कार केलेले ऐकू आले.

"आता करणारच ते," कुमुदताई म्हणाल्या. त्यांचा चेहरा उतरला होता. "आता तर करणारच. शब्द दिलाय, माणसं जमलीत आणि आपण सगळ्यांनी मिळून त्यांना दाखवून दिलंय." त्या माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. "तुम्ही बरं केलंत की वाईट केलंत, मला सांगता येत नाही."

 मी फोकससाठी अंतर मोजायची पट्टी गुंडाळून खिशात घातली आणि कॅमेऱ्याकडे गेले.

*

हौसाक्काला टेबलावर घेतलं तेव्हा सहावीचा वर्ग भरला होता. भिंतीतून खुर्च्या सरकल्याचे आवाज येत होते. दिव्याच्या दांडीला एक लहान माइक टांगला होता. डॉक्टर काम करता करता पाहुण्यांना माहिती सांगणार होते.

नेहमीप्रमाणे बधिरतेचं इंजेक्शन कुमुदताईंनी दिलं.

"मुंगी चावली," हौसाक्का म्हणाली. "डाक्टर कुटं हायत?"

"हात धुतायत, आक्का."

"धुवू दे, धुवू दे. चांगलं खसखसून धुवा म्हनावं."

भिंतीपलीकडे हसू उठलं. म्हणजे माइक चालू होता.

डॉक्टर आले. सिस्टरांनी त्यांना हातमोजे चढवले. ते आपल्या स्टुलावर बसले. हिरवं कापड अंथरलं गेलं, भोकातून हौसाक्काचा उजवा डोळा वर आला. मी जवळ गेले. डोळा, त्यातला पांढरा मोतीबिंदू, कापडाची कड. कापड धुऊन आलेलं होतं, पण तेच होतं. सुटलेला धागा कोपऱ्यात दिसला. मी त्यावर फोकस पाहून घेतला.

कॅमेऱ्यामागे काम करताना मी दुसरा डोळा मिटत नाही. उजव्या डोळ्याला फ्रेम दिसते, डाव्याला बाकीची खोली. कुमुदताईंचा हात नेहमीच्या जागी आला आणि करंगळी मनगटाखाली टेकली, हे मला डाव्या डोळ्यानं दिसलं.

"डाक्टर, आला न्हवं?"

"आलो, हौसाक्का."

"सुरू केलं का?"

"नाही अजून."

"मग काय बगत बसलाय?"

पुन्हा हसू. डॉक्टरांनी हात पुढे केला, सिस्टरांनी त्यात सुरी दिली. तिचं टोक माझ्या फ्रेममध्ये आलं. स्थिर होतं. ते डोळ्यावर गेलं नाही. डोळ्यापासून दूर, कापडाच्या कडेवर, सुटलेल्या धाग्याच्या जरा वर येऊन थांबलं.

"कुमुद, बोट काढ."

कुमुदताईंनी काढलं नाही.

"काढ," ते म्हणाले.

करंगळी निघाली. फ्रेममधलं टोक हलायला लागलं. त्याच्या खाली धागा जिथल्या तिथे होता. शेजारच्या वर्गात कुणीतरी बोलत होतं, ते मध्येच थांबलं. टोक तसंच हलत राहिलं. डॉक्टरांनी हात मागे घेतला नाही, पुढेही नेला नाही. तिकडच्या प्रत्येकाला नीट पाहता येईल इतका वेळ त्यांनी तो तिथे धरून ठेवला. ओगले माझ्या खांद्यामागून कुजबुजले, "लांब जा, रेवती." मी फ्रेम बदलली नाही.

सुरी ताटात ठेवल्याचा आवाज झाला. फ्रेममध्ये नुसता डोळा उरला.

डाव्या डोळ्यानं मी पाहिलं, डॉक्टर उभे राहिले. वळले. आणि हातमोज्यांचे दोन्ही हात त्यांनी स्टुलाच्या बैठकीला लावले. सिस्टर "अहो" म्हणून पुढे झाल्या आणि थांबल्या. बाहेरच्या वस्तूला लागलेले हातमोजे पुन्हा डोळ्याजवळ न्यायचे नसतात, हे त्या खोलीत सगळ्यांना माहीत होतं. डॉक्टरांनी बैठक फिरवायला सुरुवात केली. कितीतरी वर्षांत कुणी ती फिरवली नसावी. स्क्रू करकरला. बैठक एकेका फेऱ्यानं खाली येत गेली, एका बुटक्या माणसाला बसता येईल इतकी.

"कसला आवाज हो त्यो?" हौसाक्कानं विचारलं.

"स्टूल फिरवतोय."

"कशापायी?"

कुमुदताई उठून उभ्या होत्या. त्यांचे हात छातीशी, एकमेकांत धरलेले, कशालाही न लागता. डॉक्टर पुन्हा टेबलाजवळ आले आणि हौसाक्काच्या कानापाशी वाकले. माइक त्यांच्या डोक्यावरच होता.

"हौसाक्का, तुमचा डोळा मी करणार नाही," ते म्हणाले. "माझा हात कापतो. कुमुद करेल. आजपासून सगळ्यांचे तीच करेल."